बारावी जाहिरात

व्हर्लीन चिझमने एकतीस वर्षं साउथ कॅरोलायनाच्या किनाऱ्याजवळच्या एका बेटावर टपाल वाटलं होतं. पाकिटावर नुसतं ‘चिंचोळ्या पुलापलीकडची थोरली आत्या’ असं लिहिलेलं असलं, तरी ते बरोबर त्याच आत्याच्या हातात पडायचं. त्यामुळे निवृत्त झाल्यावर, लायब्ररीतून आणलेल्या पुस्तकात एक तळटीप वाचून तिचं डोकंच फिरलं. ‘टूमर्स लँडिंग : हे ठिकाण कोणत्याही नकाशावर सापडत नाही.’

“सापडत नाही म्हणजे काय? बेटावर कुणाला विचारलंस का, बाई?” ती स्वयंपाकघरात एकटीच म्हणाली.

पुस्तक प्रोफेसर कॉन्स्टन्स वेदरबी यांचं. गुलामांच्या बाजारावरचं त्यांचं पहिलं पुस्तक आणि मळेवाल्यांच्या स्वयंपाकघरांवरचं दुसरं व्हर्लीनने हिवाळ्यातच वाचून काढलं होतं. हे तिसरं, गुलामी संपल्यावर एकमेकांना शोधत फिरलेल्या माणसांवरचं. त्यात जूनो नावाच्या बाईची एक जाहिरात होती. चर्चच्या वर्तमानपत्रात ती पाच वर्षांत अकरा वेळा छापून आली होती :

‘माझी आई सबायना आणि भाऊ केटो यांचा शोध घेत आहे. आम्ही साउथ कॅरोलायनात टूमर्स लँडिंगला होतो. मी नऊ वर्षांची असताना मला टेक्सासला विकलं. भावाच्या भुवईवर बैलाच्या शिंगाचा व्रण आहे.’

खाली प्रोफेसरबाईंनी लिहिलं होतं : ‘१८८४ नंतर बारावी जाहिरात आली नाही. जूनो बहुधा आशा सोडून, एकाकीच वारली असावी.’

टूमर्स लँडिंगला बेटावर सगळे ‘टुम्मलन’ म्हणत. तिथला होड्यांचा धक्का जुन्या वादळात वाहून गेला होता, पण वस्ती होती, आणि केटो हे नाव तिथे घरोघरी होतं. व्हर्लीनला राहवेना. तिने प्रोफेसरबाईंना पत्र धाडलं : ‘तुमचं हरवलेलं गाव माझ्या घरापासून सात मैलांवर आहे. या, दाखवते.’

प्रोफेसरबाई एप्रिलमध्ये स्वतः गाडी चालवत आल्या. उंच, गोऱ्या, साठीच्या. बोलण्यापेक्षा ऐकायची सवय असलेल्या. व्हर्लीन त्यांना थेट डीकन इश्माएल ब्लायगन यांच्याकडे घेऊन गेली. डीकन एक्क्याण्णव वर्षांचे, टुम्मलनच्या चर्चचे कारभारी आणि तिथले सगळ्यांत वडीलधारे. व्हरांड्यात बसून ते कोळंबी सोलत होते.

“काय गं टपालवाली, आज पत्राऐवजी माणूस आणलंस?”

“तुमच्याच पत्त्यावरचं आहे, डीकन. जरा उशिरा पोचतंय.”

व्हर्लीनने जूनोचं नाव काढलं तसे डीकनचे हात थांबले. “जूनोआत्या? माझ्या आजोबांची आत्या ती. म्हातारपणी फार खवट झालेली म्हणे. टेक्सासहून आली, आणि येताना काय आणलं, तर एक तवा!”

प्रोफेसरबाई पुढे सरकल्या. “आली? नक्की आली? डीकन, राग मानू नका, पण आठवण वेगळी आणि पुरावा वेगळा. मला काहीतरी लेखी लागेल.”

“असं?” म्हाताऱ्याने चष्म्यावरून पाहिलं. “आणि ती एकटी, खचून मेली असं तुम्ही लिहिलंत, त्याला काय पुरावा होता, बाई?”

व्हर्लीनने ओठ आवळून हसू दाबलं. प्रोफेसरबाईंचे कान लाल झाले. त्या म्हणाल्या, “काहीच नव्हता. जाहिरात थांबली, आणि मी वाईटच धरून चालले.”

“जाहिरात कशाला देईल? भाऊ सापडल्यावर?” डीकन कोळंबीचं भांडं बाजूला सारून उठले. “चला.”

चर्चच्या कपाटातून त्यांनी सभासदांची जुनी वही काढली. व्हर्लीनने पानं उलटली. कशाही अक्षराची तिच्या डोळ्यांना सवय होती. नोव्हेंबर १८८४ वर तिचं बोट थांबलं : ‘जूनो, केटोची बहीण, टेक्सासच्या चर्चच्या मंडळीकडून सभासदत्वाचं पत्र घेऊन आली. उभं राहून स्वागत केलं.’

प्रोफेसरबाईंनी ती ओळ दोनदा वाचली, मग चष्मा काढून पुसत राहिल्या. “तीन वर्षं मी हिच्या मागे होते,” त्या म्हणाल्या. “नव्या आवृत्तीत ते पान बदलते. टुम्मलन कुणी दाखवलं, तेही लिहिते.”

“चिझमच्या स्पेलिंगमध्ये एकच एस,” व्हर्लीन म्हणाली. “बहुतेक सगळे चुकतात.”

व्हरांड्यात परतल्यावर डीकननी हट्ट धरला की मूळ जाहिरात मोठ्याने वाचून दाखवा. भावाचा व्रण आला तेव्हा ते मान डोलवत होते. तो किस्सा घरात सगळ्यांना पाठ होता. पण पहिली ओळ त्यांनी पुन्हा वाचायला लावली.

“आईचं नाव काय म्हणालात?”

“सबायना.”

व्हर्लीनने त्यांच्याकडे पाहिलं. बेटावरच्या पाच पिढ्यांची नावं सांगणारा हा माणूस ते नाव पहिल्यांदाच ऐकत होता.

“आईबद्दल दोघंही कधी बोलले नाहीत,” डीकन म्हणाले. “आमच्याकडे सगळं केटोपासून सुरू होतं. त्याच्या आधी कोण, ते कुणालाच ठाऊक नव्हतं.” त्यांनी ते नाव सावकाश, अडखळत उच्चारून पाहिलं. मग दाराकडे तोंड करून आत सुनेला हाक मारली, “अगं ए, बायबल आण इकडे! आणि पेन आण. घराण्याची नावं लिहितो त्या पानावर सगळ्यांत वर, केटोच्याही वर जागा आहे ना, तिथे लिहायचंय.”