मानीव अधीक्षकाची पाटी

"गो सुभद्रा, हुकूम हातात येवच्या आदी नाव कोरून घेव नको. रिकामो पाळणो हलवू नये म्हणतत ना, तसाच ह्या. रिकाम्या नावात दुसरोच कोणतरी येवन बसता."

शेजारच्या काशीबाईंनी असे बजावले तेव्हा सुभद्रा हसली होती. मीही हसले होते. मी तेव्हा सुताराच्या रंध्याखाली होते आणि मला नुसत्या गुदगुल्या होत होत्या.

मित्रांनो, मी फणसाच्या लाकडाची एक जुनी नावपाटी आहे. मसुऱ्याच्या सत्यवान परबांसाठी त्यांच्या बायकोने, सुभद्राने, मला हौसेने करून घेतले. माझ्यावर दोन ओळी कोरल्या आहेत. वर 'स. बा. परब' आणि खाली 'कार्यालय अधीक्षक'.

परब सरकारी कचेरीत वरिष्ठ लिपिक होते. बढतीसाठी समिती बसली होती आणि ज्येष्ठतेत नाव त्यांचेच पहिले होते. हुकूम येणार त्या दिवशी परब मला कचेरीत घेऊन गेले, पण हुकूम आला तो निलेशच्या नावाचा. निलेश त्यांच्या हाताखाली काम शिकलेला. कचेरीत कोणीतरी म्हणालेच, "परबानू, पाटी तयार झाली म्हणा! आता खुर्ची खंय?"

परबांनी मला टॉवेलात गुंडाळून घरी आणले. पुढे कळले, की एका साहेबाने त्यांच्या गोपनीय अहवालात वाईट शेरा मारला होता आणि तो त्यांना कधी दाखवलाच नव्हता. तुमच्या प्रगतिपुस्तकावर बाईंनी लाल शाईने लिहावे, ते तुमच्यापासून लपवावे आणि मग त्याच कारणाने तुम्हाला मागच्या बाकावर बसवावे, तसेच हे.

"निलेशावर माझो राग नाय," ते सुभद्राला म्हणाले. "पण माझा काय चुकला, ता माका सांगूक नको?"

मग ते न्यायाधिकरणात गेले. तिथे हरले, म्हणून उच्च न्यायालयात गेले. तारखा पडत राहिल्या. लेकीचे, अनुजाचे, लग्न दोन तारखांच्या मध्ये उरकले. ते निवृत्त झाले, तरी तारखा संपल्या नाहीत. सुभद्रा गेली त्या दिवशी ते मुंबईत कोर्टाच्या बाकावर आपल्या पुकाऱ्याची वाट बघत होते. मी घरी कपाटावर होते. तिने शेवटी दाराकडे पाहिले, ते मी पाहिले आहे.

शेवटी निकाल लागला. न्यायालय म्हणाले, बढती कोणाला द्यायची हे आम्ही ठरवत नाही, ठरवण्याची रीत नीट होती की नाही एवढेच पाहतो. न दाखवलेला शेरा धरता येणार नाही, पुन्हा विचार करा. समिती पुन्हा बसली आणि परबांना जुन्या तारखेपासून बढती मिळाली. तिला मानीव तारीख म्हणतात. म्हणजे त्या दिवसापासून तुम्ही अधीक्षक होता असे मानायचे. खुर्चीत एक दिवसही न बसता.

गावात पेढे वाटले. मला तेलपाणी झाले. मला वाटले, संपले सगळे.

पण मित्रांनो, न्यायालयाने फक्त पद मानायला सांगितले होते. परबांनी सगळेच मानले. वेळेवर बढती मिळाली असती तर कोर्ट नसते, मुंबई नसती, ते घरीच असते आणि सुभद्राही असती. आता सकाळी ते इस्त्रीचा शर्ट घालतात, मला ओटीवरच्या टेबलावर ठेवतात आणि माझ्यामागे बसतात. घरातले मालवणी बोलणे थांबते, कचेरीतले सुरू होते.

मे महिन्यात अनुजा कुडाळहून आली होती. तिची छोटी तेजस्वी आजोबांसमोर उभी राहिली.

"रजेचा अर्ज आणलात?" आजोबांनी विचारले.

तेजस्वी खुदकन हसली. तिने आंब्याचे पान पुढे केले. आजोबांनी ते उलटसुलट पाहिले आणि म्हणाले, "यावर सही नाही." ते हसले नाहीत. पोरगी आईला जाऊन बिलगली. "आई, आजोबा खोटा खोटा खेळत नाय गो."

टेबलावर दोन कप होते. "बाबा, दोन कप कोणाक?" अनुजाने हळूच विचारले.

"आपण बसा. मंडळी आत चहा टाकतायत."

अनुजा आत धावली. शेगडीपाशी कोणी नव्हते. गॅस चालू होता आणि टोपातला चहा केव्हाच आटून बूड काळे पडले होते. तिने गॅस बंद केला, खिडक्या उघडल्या आणि तेजस्वीला इतके घट्ट धरले की ती ओरडली. त्या दुपारी तिने मला तांदळाच्या पिंपामागे लपवले. संध्याकाळी मी पुन्हा टेबलावर होते.

काशीबाई म्हणाल्या ते खरे झाले. माझ्या नावात कोणीतरी दुसराच येऊन बसला आहे. त्याचा चेहरा मात्र हुबेहूब परबांसारखा आहे.

परब घर सोडायला तयार नाहीत. शाळा सुरू झाली, अनुजा लेकीला घेऊन परत गेली. काशीबाईंना आता ऐकू येत नाही.

म्हणून तुम्हाला सांगते, मित्रांनो. कोणाला न्याय द्यायचा असेल तर तो माणूस आहे तोवर द्या. आणि मसुऱ्यावरून कधी गेलात, तर आमच्या बेड्यापाशी, म्हणजे अंगणाच्या फाटकापाशी, थांबून "परबकाका!" अशी हाक मारा. "कोण रे ता?" असे उत्तर आले तर ते घरी आहेत, खुशाल पुढे जा. "अर्ज ठेवून जा" असे आले, तर जाऊ नका. आत या. मला पालथी घाला, त्यांचा हात धरा, आणि त्याआधी तेवढा गॅस बघा.