शेरेबुकातला एकोणतिसाचा पाढा

शाळेला पंच्याहत्तर वर्षं झाली म्हणून पुस्तक काढायचं ठरलं. मुख्याध्यापिका राजेश्वरी बाई माझ्याकडं आल्या.

"सरुआजी, जुन्या शाळेचं तुम्ही लिहा. ती बघितलेली आणि लिहिता येणारी माणसं गावात उरलीत किती?"

मी पंचेचाळिसाव्या वर्षी साक्षरता वर्गात अक्षरं शिकले. शाळेच्या पटावर माझं नाव कधी नव्हतं. तरी हो म्हणाले.

निजामाच्या राज्यात शाळा चावडीत भरायची, उर्दूत. ती माझ्या वडिलांनी लांबूनच ऐकली. मग दोन खोल्यांची मराठी शाळा झाली. तेरणेवर धरण झालं तेव्हा जुनं गाव पाण्यात गेलं, शाळाही गेली. दप्तराची पेटी तेवढी बैलगाडीतून नव्या गावात आली. इथवर लिहायला काही अडचण आली नाही.

माझी नात संघप्रिया स्वित्झर्लंडमध्ये नर्स आहे. मी शाळेचं लिहितेय म्हटल्यावर तिनं फोनवर सविस्तर लिहून पाठवलं. ती राहते त्या डोंगरातल्या गावात जुन्या दोन शाळा जपून ठेवल्यात. एक खालच्या वस्तीची, एक वरच्या. वरची शाळा फक्त हिवाळ्यात भरायची. उन्हाळ्यात पोरं गुरं घेऊन डोंगरमाथ्यावर जात, म्हणून शाळाच बंद ठेवत. येताना प्रत्येक पोरानं शेगडीसाठी लाकूड आणायचं.

मी ते दोनदा वाचलं. गुरांमागं गेलेल्या पोरांसाठी तिथं शाळा थांबायची. आमच्याकडं शाळा थांबली नाही, आणि माझा धाकटा भाऊ आबाराव शाळेच्या वेळी पाटलाच्या म्हशी राखायचा. पटावर नाव त्याचं. मी कडेवर लहान बहीण घेऊन शाळेच्या खिडकीखाली बसायचे. आतली पोरं ओरडून पाढे म्हणायची, ते कानानंच पाठ झाले.

एकदा दिपोटी, म्हणजे शाळा तपासणारे साहेब, येणार होते. पट भरलेला दिसायला हवा. गुरुजी सकाळीच दारात आले. आबा म्हशींबरोबर केव्हाच निघून गेला होता. उवांपायी आईनं माझं डोकं नुकतंच भादरलं होतं. तिनं आबाचा सदरा आणि टोपी मला घातली. मी दहा वर्षांची. आबाचं नाव पुकारलं तेव्हा मी "हजर" म्हणाले. साहेबांनी नेमका मलाच एकोणतिसाचा पाढा विचारला. मी म्हटला. शाळेत मी बसले ती तेवढीच.

पेटीतल्या शेरेबुकात साहेबांचा शेरा अजून आहे: "आबाराव, इयत्ता तिसरी. पाढे उत्तम." त्या शेऱ्यावर आबा साठ वर्षं ताठ मानेनं जगत आला. पुस्तकात तो शेरा छापायचा होता, शेजारी आबाचा फोटो. आणि त्याखालचा मजकूर लिहायचा होता मी.

चार दिवस कागद कोरा राहिला. मग आबाच्या घरी गेले. तो अंगणात शेंगा फोडत होता.

"ये आक्का. फोटोसाठी कोट घालू का निस्ता सदराच?"

"सदरा घाल. त्या दिवशी बी सदराच होता. माझ्या अंगात."

त्याचा हात थांबला. "तू ते लिवनार?"

"तुला इचारायला आले."

"नातवाच्या सोयरिकीत सांगितलंय म्या, दिपोटीनं पाठ थोपटली म्हून. आता इवाई काय म्हनतील?"

"म्हनतील, पावना गप्पा लई मारतो."

तो हसला नाही. "तुझं वय काय, आक्का, असलं उकरायचं?"

"बाहत्तर. पटावर नाव लागायला उशीरच झाला."

त्यानं शेंगांची पाटी बाजूला सारली आणि म्हणाला, "म्हन बघू. अजून येतो का?"

मी सुरू केलं. एकोणतीस, अठ्ठावन्न, सत्त्याऐंशी. सक एकशे चौऱ्याहत्तरपर्यंत नीट आले आणि अडले. पुढचं काही केल्या आठवेना.

"साती दोनशे तीन," आबा म्हणाला. "आठी दोनशे बत्तीस. नव्वे दोनशे एकसष्ट. दाहे दोनशे नव्वद." श्वास न घेता.

मी विचारलं, "तुला कधीपासनं येतो?"

"त्या शेऱ्यापासनं! दिसंल तो मानूस पाढा म्हनायला लावायचा. पार, बाजार, मयतीला गेलो तरी सोडनात. गुरुजींच्या पाया पडून लिवून घेतला आन म्हशीच्या पाठीवर बसून घोकला. त्या म्हशींना बी आला आसंल."

आता आम्ही दोघं हसलो. भावजय बाहेर येऊन बघून गेली.

"लिव," तो म्हणाला. "पर माझ्यासमोर लिव."

मी पाटावर कागद ठेवला. लिहिलं: "त्या दिवशी आबाराव हजर नव्हता. त्याच्या जागी त्याची बहीण हजर होती. पाढा तिनं म्हटला."

त्यानं चष्मा लावून वाचलं. "बहीन कोन? नाव कुठाय? पन्नास वर्सांनी कुनाला कळायचं?"

मी "बहीण" या शब्दापुढं "सरुबाई" घातलं.

"आन खाली हे बी लिव, की आबारावानं नंतर सोता पाठ केला. कुनी बी यावं, इचारावं."

तेही लिहिलं. दुसऱ्या दिवशी कागद राजेश्वरी बाईंना दिला. त्यांनी उभ्याउभ्याच वाचला आणि म्हणाल्या, "मग फोटो दोन लागतील."