मार्शलचं लॉगिन

कौशल्याबाई निगडे कोर्टातून स्टेनो म्हणून निवृत्त झाल्या, तेव्हा नणंदेनं त्यांना जपमाळ दिली आणि भाचीनं योगासनांची चटई. दोन्ही वस्तू बिबवेवाडीच्या फ्लॅटमध्ये कपाटावर सुखानं नांदत होत्या आणि बाई रोज दुपारी माणसं मारत होत्या. अर्थात कॉम्प्युटरवर.

मुलगा साई नोकरीसाठी बंगळूरला जाताना आपला अवाढव्य, पोटात निळेजांभळे दिवे लागणारा कॉम्प्युटर मागे ठेवून गेला होता. ‘आई, याला हात लावू नकोस,’ असं तो बजावून गेला नसता, तर बाईंनी कदाचित हात लावलाही नसता.

खेळाचं नाव ‘फोर्टब्रेकर’. चौघांनी मिळून समोरच्या चौघांचा किल्ला फोडायचा. बाईंनी तिथं ‘मार्शल’ असं नाव घेतलं होतं. टीमचा कॅप्टन अनिरुद्ध वाघोलीला इंजिनीअरिंग करत होता, राजनंदिनी हडपसरच्या एका आयटी कंपनीत होती आणि ऋषी काय करतो हे त्याच्या आईवडिलांनाही नीटसं माहीत नव्हतं. ही तिघं माइकवर बोलायची आणि बाई ऐकून टाइप करायच्या. जज, दोन वकील आणि साक्षीदार एकदम ओरडत असताना त्यांनी उभी नोकरी टाइप केलं होतं. त्यापुढे हे काहीच नव्हतं. माइक बिघडलेला, पंचविशीतला, दाढीवाला कुणीतरी गडी असणार, असं तिघांनी मनाशी ठरवून टाकलं होतं.

बाईंनी ते खोडून काढलं नाही. घरात त्या वहिनी, सोसायटीत काकू, ऑफिसात निगडे मॅडम. “मार्शल, झोपलास का रे बैला?” हे त्यांना आयुष्यात पहिल्यांदाच कुणी विचारलं होतं, आणि त्यांना ते मनापासून आवडलं होतं.

त्या रविवारी दुपारी चारला स्पर्धेची सेमीफायनल होती. बाई जेवण उरकून, गुडघ्याला बाम चोळून तीनलाच बसल्या. खेळ उघडला. मधोमध एक चक्र फिरलं, फिरलं, आणि लाल अक्षरं उमटली: सर्व्हरशी संपर्क होत नाही.

बाईंनी कॉम्प्युटर बंद करून चालू केला. लाल अक्षरं. राउटरची पिन काढली, फुंकर मारली, लावली. लाल अक्षरं. वायफायवर भरवसा नको म्हणून साईनं टाकून ठेवलेली केबल जोडली. अँटीव्हायरस बंद केला. मग खेळच काढून टाकला आणि पुन्हा डाउनलोड केला. तो मुकाट्यानं आला, आणि लाल अक्षरंही आली.

शेवटी त्यांनी इंटरनेटवाल्या पियुषला फोन लावला.

“काकू, यूट्यूब चालतंय का?”

“चालतंय.”

“मग नेट ओके आहे. प्रॉब्लेम तुमच्या साइडनं आहे.”

“माझ्या साइडनं मी आहे. मला सांग, आता करू काय?”

“यूट्यूब बघा,” पियुष म्हणाला आणि त्यानं फोन ठेवला.

तोवर मोबाइलवर अनिरुद्धचे मेसेज धडाधड पडत होते. ‘मार्शल कुठेस.’ ‘अरे लॉगिन कर.’ ‘तू नसलास तर आपण बाद.’ बाईंनी एरर टाइप करून पाठवला. त्यानं सतरा प्रश्न विचारले, बाईंनी सतरा उत्तरं दिली, आणि अखेर तो वैतागला. ‘असं नाही जमणार. ग्रुप कॉल करतोय, उचल.’

फोन वाजू लागला. उचलला तर मार्शल मेला, नाही उचलला तर टीम मेली. त्यांनी उचलला.

“हॅलो.”

“काकू,” अनिरुद्ध अदबीनं म्हणाला, “जरा मार्शलला देता का?”

“मीच मार्शल.”

“नाही, म्हणजे आपला मुलगा…”

“मुलगा बंगळूरला आहे. त्याला खेळता येत नाही. परवा उत्तर बुरुजावरून तुझा जीव कुणी वाचवला रे? मीच ना?”

ऋषीच्या तोंडून “आयला” निघालं आणि त्यानं लगेच “सॉरी काकू” म्हटलं. राजनंदिनी तेवढी शुद्धीवर होती. “सगळ्या स्क्रीनचा फोटो पाठवा,” ती म्हणाली. बाईंनी पाठवला.

“काकू, तुमच्या कॉम्प्युटरमध्ये सव्वाचार कसे वाजलेत? आत्ता पावणेचार होतायत.”

बाईंनी खालच्या कोपऱ्यात बघितलं. खरंच होतं.

“घड्याळ पुढं असलं की सर्व्हरला वाटतं, कुणीतरी खोटा पास घेऊन आलंय. मग तो दारातूनच हाकलतो. पण हे आपोआप नाही होत. कुणीतरी हातानं केलंय.”

घरात दुसरे हात दोनच होते. ते सोफ्याशेजारी उभे राहून झब्ब्याला इस्त्री करत होते.

“अहो!”

“केलं मी,” ज्ञानदेवराव मान वर न करता म्हणाले. “सात वाजता वाघोलीला साखरपुडा आहे. तू ‘एवढा डाव झाला की उठते’ म्हणणार आणि तिथं आपण उष्टी काढायला पोचणार. म्हटलं, अर्धा तास हाताशी असावा.”

“सांगून करायचं की!”

“सांगितलं असतं तर तू ऐकलं असतंस?”

बाईंनी घड्याळ जागेवर आणलं, खेळ उघडला आणि सर्व्हरनं दार उघडलं.

पण डाव काही जमेना. तीन फेऱ्यांपैकी पहिलीच फेरी त्यांनी लाजिरवाणी घालवली. “काकू, आपण पुढे व्हाल का?” असं अनिरुद्ध विचारेपर्यंत समोरचे येऊन काकूंना मारून जात होते. ऋषी तर वाट देण्यासाठी चक्क बाजूला उभा राहत होता, बसमध्ये जागा द्यावी तसा. एवढं अपमानित बाईंना कधी वाटलं नव्हतं.

दुसरी फेरी सुरू होताना त्यांनी साईचा माइक तोंडापाशी ओढला.

“ऐका रे. कोर्टात मी साक्षीदारांच्या तोंडच्या शिव्या शब्दशः उतरवून घेतल्यात, जजसाहेबांनी दोनदा वाचून दाखवायला लावल्यात. मला नवीन काही नाही. ऋषी, मुडद्या, हो पुढं! आणि अनिरुद्ध, पुन्हा ‘आपण’ म्हणालास ना, तर तुझ्या…”

पुढचं ऐकून ज्ञानदेवरावांनी इस्त्री बाजूला ठेवली आणि खिडकी लावून घेतली. समोरच्या बाल्कनीत सोसायटीचे चेअरमन उभे होते.

कॉलवर राजनंदिनी खो-खो हसत सुटली आणि अनिरुद्ध किंचाळला, “मग डावीकडून जा ना म्हशी, काय बघत बसलीस!”

बाई डावीकडून गेल्या. दुसरी फेरी मारली, तिसरी घासून मारली. शेवटचा दरवाजा ऋषीनं फोडला आणि त्यानंतर पाच मिनिटं तो एकटाच बोलत होता.

वाघोलीच्या हॉलवर दोघं वेळेच्या आधी पोचले, हे निगड्यांच्या घराण्यात पहिल्यांदाच घडलं. जेवणाच्या पंक्ती सुरू झाल्या, तेव्हा दारात एक काटकुळा पोरगा चपला काढाव्यात की नाही अशा विचारात उभा दिसला. बाईंनी मेसेजसोबत पाठवलेला स्वतःचा फोटो आणि समोरच्या बाई, असं त्यानं दोनदा ताडून पाहिलं.

“रविवारी संध्याकाळी मेस बंद असते,” तो म्हणाला. “तुम्हीच मेसेज केलात, हॉल जवळ आहे म्हणून…”

तो पाया पडायला वाकू लागला, तेव्हा बाईंनी त्याला दंडाला धरून सरळ पानावर बसवलं.

“वहिनी, हा कोण?” नणंदेनं विचारलं.

“माझा कॅप्टन,” बाई म्हणाल्या आणि वाढप्याला हाक मारली, “अहो, इकडे दोन पुऱ्या आणा. गरम!”