जुईलीचा आवाज माझ्या पोटात

मी मेंढ्याच्या गळ्यातली पितळी घंटी बोलतेय. एका फिरत्या ओताऱ्यानं मला भरे गावच्या माळावर ओतलं. पितळात त्यानं काय मिसळलं, ते मलाही ठाऊक नाही. मला हातात धरून कुणी काही मागितलं की ते खरं व्हायचं, आणि मग थांबता थांबायचं नाही.

माझे पहिले मालक कोंडिबा धनगर. गारठलेली कोकरं बघून ते एकदा म्हणाले, "बास कर बाबा आता पाऊस." पाऊस थांबला. त्या साली भोवतालचे डोंगर धो धो भिजत राहिले, आमच्या माळावर मात्र पुन्हा थेंब पडला नाही. तेव्हापासून मला गळ्यात बांधताना घरातली माणसं हाताला फडकं गुंडाळत आणि तोंड मिटून घेत.

कोंडिबांचा नातू धुळाजी. त्याचा या गोष्टीवर अर्धाच विश्वास. पुण्याजवळच्या नांदे गावात नव्या इमारतींच्या कडेला तो मेंढरं चारत होता, तेव्हा तिथं राहणारी मेधा आपल्या जुईलीला घेऊन आली. मेधा आयटीतली, घरूनच काम करणारी. दोन वर्षांच्या जुईलीनं मला घट्ट धरलं आणि सोडेचना.

"न्हेऊ द्या पोरीला," धुळाजी म्हणाला.

त्याची बायको तानूबाई मात्र पुढं आली. "न्ह्या, पर हातात धरून काय मागू नगा, बाई."

"मी कशाला मागतेय?" मेधा हसली.

एका दुपारी मेधाची मीटिंग चालू होती. जुईली मला बडवत भोकाड पसरून बसली होती. मेधानं मला हिसकावलं आणि दात ओठ खाऊन म्हणाली, "देवा, गप्प कर रे हिला!"

जुईली गप्प झाली. तोंड उघडंच होतं, गालांवरून पाणी वाहत होतं, आवाज मात्र नाही. तो माझ्या पोटात उतरला होता. आतल्या आत ते रडणं गरगर फिरत होतं आणि माझ्या आत लोंबणारा लोळा जागचा हलत नव्हता.

डॉक्टर म्हणाले, घसा उत्तम आहे. पण मग तिच्या हातातलं ताटही बिनआवाज पडू लागलं. तिनं टाळ्या वाजवल्या, त्याही मुक्या. एका सकाळी ती घरात दिसेचना. मेधा आणि तिचा नवरा मनीष हाका मारत सगळीकडं धावले. शेवटी मनीषनं कपाट उघडलं. जुईली आत घामानं निथळत, दोन्ही मुठींनी दार बडवत होती. बाहेर टकसुद्धा ऐकू आलं नव्हतं.

दोघं मला आणि पोरीला घेऊन थेट धुळाजीच्या पालावर आले.

"हे परत कसं करायचं?" मेधानं मला पुढं करत विचारलं.

"आमाला ठावं न्हाई," तानूबाई म्हणाली. "आमी कधी परत मागितलंच न्हाई. ते बी थांबता थांबलं न्हाई तर, म्हणून भ्या वाटायचं."

मेधानं मला उराशी धरलं, मग एकदम कानाशी नेलं. चेहरा पांढराफटक पडला. "ही आत रडतेय. माझी जुईली आत रडतेय!"

तानूबाईनंही कान लावला आणि नवऱ्याकडं वळली. "फोडा हिला."

"आज्याची निशाणी हाय गं."

"आन् ही पोर?"

धुळाजीनं मला दगडावर ठेवलं. क्षणभर माझ्यावरून हात फिरवला आणि कुऱ्हाडीची उलटी बाजू हाणली. मी काठापासून माथ्यापर्यंत चिरले.

त्या चिरेतून जुईलीचा टाहो असा बाहेर पडला, की मेंढरं बुजून चौखूर उधळली. मेधा धावत पोरीपाशी गेली. मनीष पोरीला छातीशी धरून म्हणत होता, "रड, बाळा. रड अजून!" तानूबाई डोळ्यांना पदर लावून हसत होती. मला दुखलं का? दुखलं. पण पोट रिकामं झाल्याचं सुख त्याहून मोठं होतं.

आता मी एका म्हाताऱ्या शेळीच्या गळ्यात आहे. बद्द वाजते. धुळाजी मला उघड्या हातानं धरतो, शिव्या देतो, काय वाट्टेल ते मागतो. काही होत नाही. परवा एक ओतारी पालावर आला होता. म्हणाला, वितळवून नवी करून देतो, खणखणीत वाजेल. धुळाजीनं त्याला चहा पाजून वाटेला लावलं.

तुमच्याही हाती मी कधी लागले, तर एवढं ऐका. मला नवी करू नका.