भेगांमधली पावलं

वलगावच्या अलीकडे, पंजाबरावांच्या वावरात मे महिन्याच्या भर उन्हात माणसांची रीघ लागली होती. कोणी नारळ घेऊन, कोणी आजारी लेकरू खांद्यावर टाकून. उन्हाळ्यात काळ्या जमिनीला भेगा पडतातच, पण इथे विहिरीपासून धुऱ्यापर्यंत, म्हणजे बांधापर्यंत, भेगांनी एकवीस पावलं काढली होती, पाचही बोटांसकट! पंजाबराव फवारणी करताना विषबाधेने गेले, त्याला सात महिने झाले होते. मयतानंतर पिठावर टोपली उपडी घालून उमटलेलं पाऊल पाहणारं गाव हे. ही पावलं कोणाची, हे त्याला वेगळं सांगायची गरजच नव्हती.

तरी सांगायला डोमाजी महाराज हजर होते. "पंजाबराव फिरून राहिला! वखर चालवसान तं पावलं मोडतीन, अन् पावलं मोडली का तो घरात येईन. तीन वर्सं वावर पडीत ठेवा. पूजेपुरतं मी सांभाळीन."

पूजेपुरतं म्हणजे पाच एकर, विहिरीसकट. पंजाबरावांच्या पत्नी वच्छलाबाई होकाराची मान हलवत होत्या. पेरणी तोंडावर आली होती आणि त्यांच्या घराला त्या वावराशिवाय दुसरा आधार नव्हता.

आता खरं सांगतो. ती पावलं मी केली होती.

मी मोईज, तिथल्या शाळेतला चित्रकलेचा मास्तर. कापूस निघाला की पंजाबराव मला वावराचा एक तुकडा द्यायचे. कापसाच्या वाळक्या पऱ्हाट्या, माती, राख, दगड यांतून मी तिथे आकार मांडायचो. "तुमी मातीत खेळा मास्तर, मी राबतो," म्हणून ते हसायचे. ते गेल्यावर त्यांची रोजची वाट मांडावीशी वाटली. वच्छलाबाई तेव्हा माहेरी, धामणगावला होत्या. फेब्रुवारीत मी जमीन भिजवली, पावलांच्या आकाराच्या चऱ्या कोरल्या, त्यांत राख भरली आणि वर पातळ चिखल फिरवला. काळी माती वाळली की आकसते, आणि जिथे पकड नसते तिथे फाटते. राखेला पकड नसते. पुढे सुट्टीत अकोल्याला जुन्या शहरातल्या घरी गेलो. परत आलो तर माझ्या आठवणीचं भूत झालेलं.

दोन दिवस मी गप्प राहिलो. भ्यालो, दुसरं काय! गावच्या महाराजाला खोटं म्हणायचं, त्यात माझं नाव मोईज. संध्याकाळी लोक पांगले की मी वावराकडे जायचो, आणि स्वतः कोरलेली ती पावलं पाहून माझ्याच अंगावर काटा यायचा.

तिसऱ्या दिवशी गर्दीत शिरलो. "भेगेत काडी घाला. खाली राख लागन. म्याच भरली."

शेजारच्या बंडूने काडी घातली. राख निघाली.

"राख?" डोमाजी गरजले. "अरे, विभूती हाय ते! पंजाबरावच्या चितेची!"

घ्या! लोक विभूतीवर तुटून पडले, पुड्या बांधू लागले.

मग मी चप्पल काढली आणि डावं पाऊल भेगेत ठेवलं. "पाय काढ मास्तर!" कोणीतरी ओरडलं, हात उगारले गेले. काढला नाही. माझं दुसरं बोट लहानपणी मोडल्यापासून अंगठ्याकडे वाकडं आहे. भेगेतलंही तसंच वाकडं होतं. पुढच्या डाव्या पावलात ठेवलं, तिथेही बसलं.

"पंजाबरावचा पाय कुठून आणू? मापाले माहाच घेतला."

"आत्मा मास्तरच्या अंगात शिरला!" डोमाजी म्हणाले.

"मंग आत्म्याले आमच्या पोरायची चित्रं तपासा म्हना!" बंडू म्हणाला, आणि गर्दी खदखदून हसली. महाराजांचं आसन तिथेच हललं.

वच्छलाबाई हसल्या नाहीत. "आठ दिवस मी या पावलावर डोकं ठेवलं, भाऊ. मले वाटलं, ते आले."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. "माफ करा, वहिनी."

"मंग ते कुठंच नाहीत?"

"नाहीत."

त्या बंडूकडे वळल्या. मग म्हणाल्या, "बंडू, बैल आन. वखर मीच धरतो."

आणि एकवीसही पावलांवरून त्यांनी वखर फिरवला. पहिली काही पावलं रडत. नंतर त्यांनी पदराने डोळे पुसले, कारण बैल सरळ चालवायचे तर समोर दिसावं लागतं.

लोकहो, चमत्कार दिसला तर हात जोडण्याआधी काडी घालून पाहा. आणि ज्याला खरं माहीत आहे त्याने पहिल्याच दिवशी बोलावं. उशीर केला की खोट्याबरोबर कोणाचं तरी माणूस पुन्हा एकदा मरतं.