बिट्टीचे बदाम

मित्रांनो, मी एक बिट्टीचं झाड आहे. कुणी मला पिवळी कण्हेरही म्हणतं. दहिसरच्या एका चाळीपुढे गुणाजीआजोबांनी मला लावलं. गिरणीच्या संपात त्यांची नोकरी गेली आणि दिवस खायला उठला, म्हणून त्यांनी झाडांचा नाद धरला. पण चाळीतल्या बकऱ्या जास्वंद ठेवीनात की अबोली. "ह्येका बकरी तोंड लावणा नाय," आजोबा माझं कौतुक सांगायचे. का लावत नाही, हे एकाही शहाण्याने विचारलं नाही.

माझी फुलं घरोघरच्या देवांना जायची. माझ्या बिट्ट्यांनी, म्हणजे फळांतल्या टणक बियांनी, पोरी पायरीवर खेळायच्या. लाड म्हणजे किती!

शहाऐंशीच्या मे महिन्यात आजोबांची आठ वर्षांची नात उत्तरा माझ्या सावलीत भातुकली मांडून बसली. धाकटी अनुपमा, वय तीन, पाहुणी झाली. उत्तराने दगडाने बिट्ट्या फोडल्या, आतला पांढरा गर ताटलीत वाढला आणि म्हणाली, "बदाम आहेत, खा." खोटं खोटं खायचं, हे त्या चिमुरडीला काय ठाऊक? तिने दोन गर चावून गिळले. अरे, माझ्या पानाफुलांत विष आहे आणि बियांत तर जहर!

तासाभरात तिला ओकाऱ्या सुरू झाल्या. आई रत्नप्रभा धावत आली. "काय खाल्लं गं हिने?" उत्तराने ताटली पाठीमागे दडवली. मार बसेल म्हणून म्हणाली, "काही नाही." मग शेजारणींनी नजर लागल्याचं ठरवलं, मीठमिरच्यांनी दृष्ट काढली. पोर थंड पडू लागली तेव्हा कुठे रिक्षा आली.

दुसऱ्या दिवशी अनुपमाला चादरीत गुंडाळून घरी आणलं. काय खाल्लं ते कळलं असतं, वेळेवर आणलं असतं, तर कदाचित वाचली असती, असं डॉक्टर म्हणाले होते. तेव्हा उत्तरा हळूच बोलली, "मीच दिले बदाम." तिला कुणी मारलं नाही. कुणी जवळही घेतलं नाही. आजोबांनी रडत रडत मला कोयत्याने तोडलं. आता बुंधा उरलाय.

मित्रांनो, दारातलं कुठलं झाड विषारी आहे ते मोठ्यांना विचारून घ्या. धाकट्याने काही तोंडात घातलं तर दडवू नका. आणि मोठ्यांनो, पोरांना माराच्या धाकाने खरं बोलायची भीती वाटेल, असं घर ठेवू नका. अंगारेधुपारे सोडा, जे खाल्लं ते घेऊन थेट इस्पितळ गाठा.

उत्तरा आता नऊ वर्षांची आहे. कुणी खाऊ दिला, की हातात धरून आधी विचारते, "हे खाल्लं की मरतात का?"