मुहूर्ताच्या यादीबाहेर

मंगळवारी सकाळी तिरुवल्लिकेणीतल्या घरी नंदिता पहिल्या दिवसाच्या दृश्यांचे कागद लावत बसली होती, तेव्हा निर्माते सेतुमाधव आले. चौदा वर्षं तिने दुसऱ्यांच्या सिनेमांवर सहायक म्हणून काढली होती. आधी क्लॅप धरली, मग नटांच्या वेळा सांभाळल्या, मग दिग्दर्शक झोपा काढत असताना त्यांची दृश्यंही घेतली. येत्या गुरुवारी तिच्या स्वतःच्या सिनेमाचा मुहूर्त होता.

कॉफी संपवून सेतुमाधव मान खाली घालून म्हणाले, "दिवा माझी बायको लावील. पूजा सरेपर्यंत तूं मागें मेकअपच्या खोलींत बैस. माझें कांहीं नाहीं गे. पण लोक मानतात."

नंदिताचा नवरा जाऊन दोन वर्षं झाली होती.

"दिग्दर्शन मी करायचं, आणि दिवा लागताना मी नको?"

"पंधरा मिनिटें. अव्वळवुदान, तेवढेंच."

ते गेल्यावर तिला राग आला नाही, नुसता थकवा आला. पंधरा मिनिटं तर पंधरा मिनिटं, असं तिने ठरवूनही टाकलं. सासूबाई, राजसबाई, पेले उचलत होत्या.

"कौमुदीच्या लग्नांत मजही तेवढेंच म्हटलें होतें," त्या म्हणाल्या. "पोटची लेक माझी. मंगलाष्टकें सरलीं कीं बोलावतों म्हणाले. कोठीच्या खोलींत बसलें. कोणी आलेंच नाहीं. आतां मीच कुठें जात नाहीं."

नंदिताला एकदम अंबुजा आठवली. अंबुजा कपडेपटात शिवणकाम करायची, याही सिनेमावर तीच होती. तीही विधवा. मुहूर्ताला समोर कोण उभं राहणार, याची यादी सहायकाने करायची असते. अशा सात याद्या नंदिताने केल्या होत्या आणि सातही वेळा अंबुजाचं नाव गाळलं होतं. तसं कर म्हणून तिला कुणी सांगावंही लागलं नव्हतं.

गुरुवारी वडपळनीच्या स्टुडिओत अंबुजा आपणहूनच मागच्या पायरीवर जाऊन बसली होती.

"चला, अंबुजाक्का," नंदिता तमिळमध्ये म्हणाली.

"मी कुठे, मॅडम? तुम्हीच तर मला इथे बसवता."

"हो. चुकलं माझं. उठा."

दोघी समईपाशी जाऊन उभ्या राहिल्या. मंत्र थांबले.

"हट्ट करूं नको, नंदिता," सेतुमाधव हलकेच म्हणाले. "सिनेमा तुझा राहायचा नाहीं."

"नाही तर नाही." तिचा आवाज चढला नाही, चढवायला अंगात बळच नव्हतं. तिने काडी ओढून एक वात लावली आणि काडी अंबुजाच्या हाती दिली. अंबुजाने दुसरी वात लावली.

सेतुमाधवांनी ती समई उचलायला लावली आणि दुसरी मागवली.

दुपारपर्यंत सिनेमा दुसऱ्या दिग्दर्शकाकडे गेला. अंबुजाचंही काम गेलं. दोघी एकाच बसने परत निघाल्या. उन्हाने सीट तापली होती.

अंबुजाने विचारलं, "मॅडम, तुमच्यावर ही वेळ आली नसती, तर मला आत नेलं असतंत का?"

नंदिताने उत्तर शोधलं नाही. ते तिला मंगळवारपासून ठाऊक होतं.

"नाही, अक्का," ती म्हणाली. "नसतं नेलं."